शेती, रानपाखरे आणि आपला व्यापार

आपल्या स्मरणिकेत प्रतिवर्षी बाजारभाव, करव्यवस्था, वखारींचे नियम अशा विषयांवर जाणकार सभासदांचे लेख येतात. त्या पंक्तीत पाखरांवरील लेख पाहून काही व्यापारी बंधूंना नवल वाटेल. प्रस्तुत लेखक पक्षिशास्त्रज्ञ नव्हे. मॅट्रिकपर्यंत शिकून धान्याच्या पेढीवर बसलेला आणि तेथेच साठी ओलांडलेला एक घाऊक व्यापारी आहे. परंतु ज्या शेतात आपला माल पिकतो त्याच शेतात पाखरेही राहतात, आणि त्या शेतात काय पेरावे हे ठरविण्यात आपल्या बाजाराचा वाटा मोठा असतो. एवढ्या एका नात्याने हा विषय आपल्या स्मरणिकेचा आहे, असे मी समजतो.

जीवदयेचा वारसा आपल्या समाजास मोठा आहे. दिल्लीच्या लाल मंदिरातील पक्ष्यांचे रुग्णालय, गुजरात-राजस्थानातील चबुतरे, गावोगावच्या पांजरपोळी ही त्याची चिन्हे आहेत. पेढी उघडण्यापूर्वी मूठभर जोंधळे पाखरांना टाकणारे सभासद आपल्यात आजही पुष्कळ आहेत, आणि तो नेम चांगलाच आहे. मात्र चबुतऱ्यावर उतरणारी पाखरे कोणती, हे एकदा थांबून पाहावे. त्यांत बहुतेक कबुतरे असतात. माळावरचा तणमोर, शेतातील तित्तर, तारेवर बसणारा नीळकंठ, गावाबाहेरचे गिधाड यांपैकी कोणीही तेथे येत नाही. त्यांचे जगणे-मरणे चबुतऱ्यावर ठरत नाही. ते पीकपद्धतीत ठरते. ते कसे ठरते, आणि त्यात आपला हात कोठे लागतो, हे सांगण्याचा येथे प्रयत्न केला आहे.

शेतातील पाखरांचे काम

शेतावर राहणाऱ्या पाखरांचे त्यांच्या आहारावरून स्थूलमानाने चार वर्ग पाडता येतात. चिमणी, सुगरण, पारवा ही दाणे खाणारी. कोतवाल, नीळकंठ, साळुंकी, गायबगळा ही किडे-अळ्या वेचणारी. गव्हाणी घुबड, पिंगळा, कापशी घार ही उंदरांवर जगणारी. आणि गिधाडे ही मेलेली गुरे खाऊन शिवार स्वच्छ ठेवणारी. या वर्गांच्या सीमा फार पक्क्या नाहीत. चिमणी व सुगरण मोठेपणी दाणे खातात खऱ्या, पण त्यांच्या पिल्लांना आरंभी कोवळ्या अळ्या व किडेच भरवावे लागतात. म्हणजे ज्या शेतात किडा उरला नाही तेथे दाणे कितीही सांडले तरी चिमणीची पिल्ले वाढत नाहीत. केवळ दाणे टाकून चिमणी का वाढत नाही, याचे एक उत्तर येथे आहे.

पाखरू दाणा खाते, तेव्हा ते आपल्याला दिसते. ते अळी खाते, तेव्हा दिसत नाही. या दृष्टिदोषाची फार मोठी किंमत एका देशाने मोजली आहे. चीनमध्ये १९५८ साली उंदीर, माश्या, डास आणि चिमण्या यांना जनतेचे शत्रू ठरवून त्यांच्या नाशाची मोहीम काढण्यात आली. लोकांनी थाळ्या व ढोल बडवून चिमण्यांना कोठेही बसू दिले नाही, आणि त्या थकून खाली पडेपर्यंत हा गलका चालू ठेवला. दाणे वाचतील ही अपेक्षा होती. प्रत्यक्षात किडीला आवरणारे पाखरू गेले आणि पिकांवर किडी माजल्या. १९६० साली शत्रूंच्या यादीतून चिमणीचे नाव काढून तेथे ढेकणाचे नाव घालावे लागले. त्या वर्षांत चीनवर जो भयंकर दुष्काळ कोसळला त्याची इतर कारणेही मोठी होती. परंतु चिमण्यांच्या संहाराने पिकांच्या नाशात भर घातली, हे आता सर्वमान्य आहे.

आपल्या शेतकऱ्याला हे ज्ञान नवे नाही. हरभऱ्यात जागोजागी जोंधळ्याचे चार दाणे टाकण्याची रीत जुनी आहे. जोंधळ्याची ताटे उंच वाढतात, त्यांवर कोतवाल, साळुंक्या येऊन बसतात आणि खालच्या हरभऱ्यातील घाटेअळी वेचतात. आजची कृषी विद्यापीठे हरभऱ्याच्या शेतात काठ्या रोवून ‘पक्षिथांबे’ उभारावयास सांगतात, ते याच तत्त्वावर. आपल्या बाजारात ज्याला डॉलर चना म्हणतात त्या काबुली हरभऱ्याचा दाणा किडला म्हणजे भावात काय फरक पडतो, हे सभासदांस सांगावयास नको. तो फरक राखणारा एक मजूर बिनपगारी आहे, एवढेच येथे नमूद करतो.

माळव्यातील पीकबदल

माळव्याच्या शेतीचा इतिहास पाहिला तर तो पुष्कळसा बाजाराचाच इतिहास आहे. एकोणिसाव्या शतकात उज्जैन व इंदूर ही अफूच्या व्यापाराची मोठी पेठ होती आणि माळव्याची अफू समुद्रापार जात असे. पुढे कापूस आला, त्यामागोमाग गिरण्या आल्या. गहू, हरभरा आणि जोंधळा ही पिके या सर्व काळात होतीच. पीक बदलले तरी एक गोष्ट पुष्कळ भागांत टिकून होती, आणि आपल्या विषयास तीच महत्त्वाची आहे.

आपली काळी जमीन पावसाळ्यात पाणी धरून चिकट होते. तीत औत घालणे कठीण. म्हणून पुष्कळ शेतकरी खरिपात ती मोकळी ठेवीत, पावसाची ओल तिच्यात मुरू देत, आणि आश्विन-कार्तिकात तिच्यावर गहू किंवा हरभरा पेरीत. म्हणजे आषाढापासून भाद्रपदापर्यंत माळव्याच्या विस्तीर्ण भागावर गवत आणि तण उभे असे. जेथे खरीप घेत तेथे जोंधळा, तूर, मूग, उडीद, तीळ असे मिश्र पीक असे. गावोगाव गुरांसाठी राखलेली गवताची बिडे होती. शेताचे बांध रुंद असत आणि त्यांवर बाभळी-बोरी उभ्या असत. डॉ. सालिम अली यांनी ग्वाल्हेर, इंदूर, धार, भोपाळ या संस्थानांतील पक्ष्यांची पाहणी करून १९३९-४० साली तिचा वृत्तांत प्रसिद्ध केला, तेव्हाचा माळवा हा असा होता.

यानंतर सोयाबीन आले. जबलपूरच्या कृषी विद्यापीठात व पंतनगर येथे १९६० नंतरच्या दशकात त्याचे प्रयोग झाले. १९७० च्या सुमारास भारतभर सोयाबीनखाली सुमारे ३० हजार हेक्टर जमीन होती. आज ती एक कोटी हेक्टरांहून अधिक आहे आणि तीत मध्य प्रदेशाचा वाटा निम्म्याच्या आसपास आहे. मी पेढीवर बसू लागलो तेव्हा सोयाबीनची पोती बाजारात नवी होती. दलालसुद्धा ती उघडून दाणा हातावर घेऊन पाहत. पाहता पाहता आश्विनातील सगळी आवक तीच झाली. तेलाच्या गिरण्या उभ्या राहिल्या, पेंड परदेशी जाऊ लागली, खरिपात मोकळी राहणारी जमीन शेतकऱ्याला दुसरे पीक देऊ लागली. सोयाबीनने माळव्याच्या घरांवर पक्की छपरे घातली आणि मुलांना शाळेत पाठविले, हे कोणीही नाकारू नये. परंतु ज्या मोकळ्या जमिनीस आपण ‘रिकामी’ समजत होतो ती रिकामी नव्हती. तेथे कोणी राहत होते.

तणमोराची गोष्ट

त्या जमिनीत राहणाऱ्यांपैकी एकाचे नाव तणमोर. माळव्यात त्यास खरमोर म्हणतात. माळढोकाच्या कुळातील हा सर्वांत लहान पक्षी, कोंबडीएवढा. पावसाळ्यात नराचे अंग काळेभोर होते, पंखावर पांढरा पट्टा दिसतो आणि कानांमागून फितीसारखी लांब पिसे निघतात. उंच गवतात मादीला आपण दिसावे म्हणून तो जागच्या जागी पुरुषभर उंच उडी मारतो, पंख फडफडवून विशिष्ट आवाज करतो आणि पुन्हा गवतात नाहीसा होतो. दिवसातून शेकडो वेळा हा खेळ चालतो. मादी जमिनीवरच तीन-चार अंडी घालते. पिल्ले नाकतोडे, भुंगेरे, अळ्या यांवर वाढतात. पावसाळा संपला की हे पक्षी पांगतात आणि त्यांतील काही दख्खनच्या पठाराकडे जातात. गुजरात, राजस्थानचा आग्नेय भाग, पश्चिम माळवा आणि महाराष्ट्रात अकोला-वाशीमकडील थोडा प्रदेश, हीच मुख्यत्वे या पक्ष्याची विणीची भूमी आहे.

डॉ. सालिम अली यांच्या सूचनेवरून १९८३ साली रतलाम जिल्ह्यातील सैलाना येथे या पक्ष्यासाठी अभयारण्य झाले. त्याचे क्षेत्र सुमारे १३ चौरस किलोमीटर. त्याच वर्षी धार जिल्ह्यात सरदारपूर अभयारण्य जाहीर झाले. तरीही पुढे काय झाले ते आकड्यांत पाहावे. देशातील तणमोरांची संख्या १९८२ साली सुमारे ४,४०० असावी असा अभ्यासकांचा अंदाज होता. १९८५ नंतर लागोपाठ अवर्षणाची वर्षे आली आणि १९८९ साली ती सुमारे १,७०० वर उतरली. पुढे पाऊसमान सुधारले आणि १९९९ साली ती साडेतीन हजारांवर चढली. यानंतर २०१७ च्या पाहणीत ती सातशेहूनही कमी असल्याचे आढळले. २०२१ साली या पक्ष्याची नोंद जगातील अतिसंकटग्रस्त जातींत करण्यात आली. सैलान्यात आता काही वर्षी बोटांवर मोजण्याइतकेच पक्षी येतात.

व्यापाऱ्याला तेजी-मंदीचे आकडे वाचावयाची सवय असते. त्या सवयीने हे आकडे वाचावेत. अवर्षणाने पडलेली संख्या पावसाने पुन्हा वर आली, कारण गवताची जमीन जागेवर होती. त्यानंतर पडलेली संख्या मात्र चांगल्या पावसानेही वर आली नाही, कारण जमीनच हातची गेली. पहिली घट ही हंगामाची मंदी होती. दुसरीत भांडवलच गेले.

सोयाबीनमध्ये तणमोर का राहत नाही, हा प्रश्न येथे स्वाभाविक आहे. त्याचा विणीचा काळ आषाढ ते भाद्रपद. नेमका तोच सोयाबीनचा काळ. या पिकात तणनाशक मारले जाते, त्यामुळे आडोशाचे गवत राहत नाही. चक्रीभुंगा व उंटअळी यांवर एकामागून एक फवारण्या होतात, त्यामुळे पिल्लांचा घास राहत नाही. माणसांची व यंत्रांची ये-जा सतत चालते, त्यामुळे मादी अंड्यांवर निवांत बसू शकत नाही. याउलट राजस्थानात अजमेर जिल्ह्यातील केकडी-भिणाय आणि भिलवाड्याकडील शाहपुरा या भागांत जोंधळा, मूग, उडीद यांच्या शेतांतून तणमोर आजही वीण घालताना आढळतो. हे ध्यानात ठेवण्यासारखे आहे. शेतीचे आणि या पक्ष्याचे हाडवैर नाही. एका प्रकारच्या शेतीत तो राहतो, दुसऱ्या प्रकारच्या शेतीत राहत नाही.

दया आणि विष

विषाचा प्रश्न केवळ फवारणीपुरता नाही. आज पेरणीचे बहुतेक बियाणे कीडनाशक व बुरशीनाशक चोळूनच येते. पेरताना शेताच्या कडेला जे दाणे उघडे राहतात ते मोर आणि तित्तर टिपतात, आणि मोर मेल्याच्या बातम्या पेरणीच्या दिवसांत येतात. उंदरांसाठी ठेवलेल्या विषाने उंदीर मरतो आणि तो खाणारे घुबडही मरते. मग उंदरांना मारणारा कोणी उरत नाही आणि पुन्हा विष आणावे लागते.

परंतु विषाची सर्वांत मोठी कथा गिधाडांची आहे, आणि ती आपल्या समाजाने विशेष लक्षपूर्वक वाचावी अशी आहे. १९९२ ते २००७ या पंधरा वर्षांत भारतातील पांढऱ्या पाठीच्या गिधाडांची संख्या ९९ टक्क्यांहून अधिक घटली. प्रथम रोगाचा संशय आला. २००४ साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनातून खरे कारण कळले. गुरांना वेदना कमी व्हाव्यात म्हणून डायक्लोफिनॅक नावाचे औषध टोचले जात असे. ते गुरू लवकरच मेले आणि गिधाडांनी खाल्ले, तर गिधाडांचे मूत्रपिंड निकामी होऊन ती मरत. म्हाताऱ्या बैलावर केलेली दया गिधाडांना विष झाली. गुरांची मढी शिवारात पडून राहिली, भटकी कुत्री वाढली, पाणी दूषित झाले. गिधाडे नाहीशी झालेल्या जिल्ह्यांत २००० ते २००५ या काळात सुमारे पाच लाख माणसे अधिक दगावली असावीत, असा अंदाज २०२४ साली प्रसिद्ध झालेल्या एका अर्थशास्त्रीय अभ्यासात मांडला आहे.

भारत सरकारने २००६ साली गुरांसाठी या औषधाच्या वापरावर बंदी घातली, २०१५ साली माणसांसाठीची मोठी कुपी बंद केली, आणि २०२३ साली गिधाडांना तितकीच घातक अशी किटोप्रोफेन व असिक्लोफिनॅक ही औषधेही गुरांसाठी वर्ज्य केली. मेलॉक्सिकॅम हे औषध गुरांना गुण देते आणि गिधाडांना अपाय करीत नाही. विष आवरले तेव्हा पक्षीही सावरू लागले. मध्य प्रदेशात २०१६ साली सात हजारांच्या आसपास गिधाडे मोजली गेली होती. २०२४ साली ती दहा हजारांहून अधिक भरली. ज्ञान आधी आणि दया त्यामागून, असा क्रम आपल्या शास्त्रकारांनी का लावला, हे या एका उदाहरणावरून उमगते. पांजरपोळीत रोज औषधे येतात. त्यांची नावे विश्वस्तांनी एकदा स्वतः वाचून पाहिली, तर तेवढ्यानेही पुष्कळ जीव वाचतील.

आग आणि पाणी

श्रावकाने वर्ज्य करावयाच्या पंधरा कर्मादानांची यादी आपल्या परंपरेत आहे. विषाचा व्यापार, वणवा लावणे, तळी व सरोवरे आटविणे ही तिच्यातील तीन. लहानपणी ही नावे ऐकताना ती फार जुन्या काळची वाटत. आजच्या शेतीकडे पाहिले म्हणजे ती आजचीच वाटतात. विषाविषयी वर सांगितले. आता आग आणि पाणी यांचा विचार करू.

कंबाईन यंत्राने गहू कापला की शेतात उभी खुंटे राहतात; माळव्यात त्यास नरवाई म्हणतात. पुढच्या पिकासाठी शेत लवकर मोकळे व्हावे म्हणून चैत्र-वैशाखात नरवाई पेटविण्याची चाल पडली आहे. नेमक्या त्याच दिवसांत टिटवी उघड्या जमिनीवर अंडी घालते, चंडोल ढेकळांच्या आडोशाला घरटे करतो, तित्तर बांधाच्या गवतात बसलेला असतो. आग धावत येते तेव्हा मोठे पाखरू उडून जाते. अंडी आणि पिल्ले जागीच राहतात. बांधावरची बाभूळ होरपळते, मातीतले गांडूळ आणि असंख्य सूक्ष्म जीव भाजून निघतात. मध्य प्रदेश शासनाने २०२५ साली नरवाई जाळणाऱ्या शेतकऱ्यास मुख्यमंत्री किसान कल्याण योजनेचे साहाय्य न देण्याचा आणि त्याचा माल आधारभावाने न घेण्याचा निर्णय जाहीर केला. दंडाने काही आग विझेल. परंतु खुंटांपासून भुसा काढणारे यंत्र आणि त्या भुशाला गिऱ्हाईक, ही दोन मिळाली तर पेटविण्याचे कारणच उरणार नाही.

पाण्याविषयी मात्र आपल्या शेजारीच एक आशादायक उदाहरण घडले आहे. कूपनलिकांनी भूजल उपसून उपसून देवासची अशी स्थिती झाली की १९९० साली त्या शहराला रेल्वेने पाणी आणावे लागले. २००६ साली तेथील जिल्हाधिकारी श्री. उमाकांत उमराव यांनी शेतकऱ्यांना कूपनलिकेऐवजी स्वतःच्या शेतात तळे खोदण्यास प्रवृत्त केले. टोंकखुर्द भागातून हे काम पसरले आणि काही वर्षांत जिल्ह्यात हजारो तळी झाली. रब्बीचे क्षेत्र वाढले, शेतकरी कर्जातून सुटले. आणि ज्या शिवारांत पाण्याचे पाखरू दिसत नव्हते तेथे हिवाळी बदके व बगळे उतरू लागले. गंभीर नदीवरील होळकरांच्या काळातील यशवंतसागर हा जलाशय २०२२ साली आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळींच्या यादीत गेला. सारस पक्ष्याचा तो या भागातील मोठा आधार आहे. शेतकऱ्याचा लाभ आणि पाखरांचा लाभ एकाच तळ्यात सापडू शकतो, हे देवासने दाखविले.

दोष कोणाचा?

ही अवस्था एकट्या माळव्याची नाही. युरोपातील अठ्ठावीस देशांच्या नोंदी तपासून २०२३ साली एक अभ्यास प्रसिद्ध झाला. त्यानुसार १९८० ते २०१६ या काळात तेथील शेतावरच्या पाखरांची संख्या निम्म्याहून अधिक घटली, आणि त्याचे प्रमुख कारण कीडनाशके व खते यांवर उभी असलेली शेती हे आहे. आपल्या देशातील पक्ष्यांचा जो आढावा २०२३ साली निघाला त्यात ज्या ३३८ जातींचा दीर्घकालीन कल काढता आला, त्यांपैकी ६० टक्के जाती घटत असल्याचे दिसले. दसऱ्याला ज्याचे दर्शन आपण शुभ मानतो तो नीळकंठही त्यांत आहे. त्याच आढाव्यात मोर, कोकिळा आणि कबुतर वाढत असल्याचीही नोंद आहे. तात्पर्य, सगळीच पाखरे जात नाहीत. माणसाच्या आश्रयाने जगू शकतात ती वाढतात. मोकळा माळ आणि किडे लागतात ती जातात.

यात शेतकऱ्यास दोष देणे सोपे आहे. ते न्यायाचे नाही. सरदारपूरचा अनुभव याची साक्ष देतो. त्या अभयारण्यात अनेक गावांच्या खाजगी जमिनी आल्या आणि वर्षानुवर्षे त्यांच्या खरेदी-विक्रीवर निर्बंध राहिले. मुलीच्या लग्नाला जमीन विकता येत नाही, ती एका पाखरामुळे, असे ज्याला वाटते तो त्या पाखराचा मित्र कसा होईल? पक्षीही तेथे टिकला नाही आणि सद्भावही टिकला नाही. उलट सैलान्याच्या बाजूस वनविभागाने तणमोराची खबर देणाऱ्या व घरटे राखणाऱ्या शेतकऱ्यास रोख बक्षीस देण्याची योजना केली, तेव्हा शेतकरी स्वतः होऊन सांगत आले. अकोला-वाशीम भागात पूर्वी शिकारीवर जगणाऱ्या फासेपारधी समाजातील माणसेच आज तणमोराची राखण करीत आहेत. जेथे माणसाला सोबत घेतले तेथे काम झाले.

आता आपल्याकडे वळू. शेतीतील हिंसा टाळावी म्हणून आपल्या पूर्वजांनी व्यापार पत्करला, असे आपण अभिमानाने सांगतो. नांगर आपल्या हातात नाही, हे खरे. परंतु आपल्या शास्त्रात कर्माचे तीन प्रकार सांगितले आहेत: स्वतः केलेले, दुसऱ्याकडून करविलेले आणि अनुमोदिलेले, तिन्हींचा बंध आहे. नांगर कोठे चालावा, शेतात काय पेरावे, दाणा किती डागविरहित असावा, हे आपला भाव ठरवितो. सोयाबीनला उठाव आहे आणि मुगाला गिऱ्हाईक नाही, असे आपण दोन वर्षे म्हटले की तिसऱ्या वर्षी मुगाचे शेत राहत नाही. अफूपासून सोयाबीनपर्यंत माळव्याचा इतिहास हेच सांगतो.

व्यापाऱ्याने काय करावे?

उपदेशाने लेख संपविणे सोपे आहे; म्हणून दोन-चार गोष्टी हिशेबाने मांडतो.

पहिली गोष्ट खरेदीची. समजा, आपल्यापैकी वीस पेढ्यांनी ठरविले की सैलाना-रतलामकडील काही निवडक गावांतून प्रत्येकी २५० क्विंटल मूग-उडीद बाजारभावाहून क्विंटलमागे २०० रुपये अधिक देऊन घ्यावयाचा. अट एवढीच की खरिपात त्या शेतात तणनाशक व फवारणी नको आणि घरटे दिसल्यास तेवढी जागा सोडावी. एका पेढीवर ५० हजारांचा भार, वीस पेढ्यांवर मिळून १० लाखांचा. माल ५ हजार क्विंटल. हेक्टरी सहा-सात क्विंटल उतारा धरला तर सातशे ते आठशे हेक्टर जमीन या रीतीने पेरली जाईल. सैलाना अभयारण्य सुमारे १,३०० हेक्टरांचे आहे. म्हणजे त्याच्या निम्म्याहून अधिक जमीन आपण खरेदीच्या वहीवर पाखरांसाठी उघडू शकतो. आणि हा माल फवारणीविना पिकलेला असल्याने शहरांतील गिऱ्हाईक त्याचा काही भाव परत देईल, तो वेगळाच. शेतकऱ्याला मुगाची खरी भीती वेगळी आहे. काढणीच्या वेळी पाऊस आला तर दाण्यावर डाग पडतो आणि व्यापारी माल नाकारतो. डागी मालाची कपात पेरणीपूर्वीच लेखी ठरवावी. ही एक भीती आपण उचलली, तर शेतकरी पेरावयास तयार होईल.

दुसरी गोष्ट वखारीची. चोळलेल्या बियाण्याचा झाडलेला कचरा चबुतऱ्यावर, उकिरड्यावर किंवा गुरांच्या चाऱ्यात जाऊ नये. उंदरांसाठी विष ठेवण्यापूर्वी दारे, जाळ्या आणि फटी पाहाव्यात.

तिसरी गोष्ट भुशाची. आपल्या गोशाळा व पांजरपोळी वर्षभर भुसा विकत घेतात. तो चैत्रातच, नरवाई न जाळणाऱ्या गावांकडून ठरवून घेतला, तर ज्या शेतात आग लागावयाची तेथून चारा येईल.

चौथी गोष्ट चबुतऱ्याची. दाणे टाकणे वाईट नाही. फलोदीजवळच्या खिचन गावात जैन कुटुंबांनी घातलेल्या दाण्यावर हिवाळ्यात हजारो क्रौंच उतरतात, आणि २०२५ साली ती जागाही आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळींत गेली. परंतु क्रौंच हा दाणे खाणारा पक्षी आहे, आणि तेथे दाण्याच्या जोडीला तळी आहेत, मोकळे रान आहे. शहरात कबुतरांना टाकलेल्या दाण्याने कबुतरेच वाढतात. मुंबईत २०२५ साली कबुतरखान्यांवरून किती कटुता आली ते आपण पाहिले. चबुतऱ्याच्या निधीतील काही भाग एखादे गवताचे बीड भाड्याने राखण्याकडे किंवा शेततळ्याकडे वळविला, तर तो जीवदयेचाच खर्च होईल.

यांपैकी तिसरी आणि चौथी गोष्ट संस्थांच्या हातची आहे. दुसरी प्रत्येकाच्या स्वतःच्या हातची. पहिल्या गोष्टीस मात्र संघटन लागते, आणि संघटन हेच आपल्या संघाचे काम आहे. खरिपाच्या पेरणीपूर्वी, म्हणजे अक्षय्य तृतीयेपर्यंत, वीस नावे निघावीत आणि गावांशी बोलणी व्हावीत, अशी माझी संघाच्या कार्यकारिणीस विनंती आहे. त्या यादीत पहिले नाव घालण्यास मी तयार आहे. उरलेली एकोणीस सभासदांनी द्यावीत.